वरच्या तीन खोल्या

इंदूरहून एका ताईंचं पत्र आलं आहे. ओळख पटू नये म्हणून काही तपशील बदलून ते थोडक्यात देते.

ताई ५९ वर्षांच्या. यजमान तीन वर्षांपूर्वी गेले. रामबागेत सासऱ्यांनी बांधलेलं दुमजली घर आहे. खालच्या दोन खोल्यांत त्या एकट्या राहतात. वरच्या तीन खोल्यांत १९७९ पासून एक कुटुंब भाड्याने आहे. काका ८१ वर्षांचे, काकू ७६. भाडं महिना ३७५ रुपये. ताईंचा मुलगा पुण्यात नोकरी करतो. त्याला आता इंदूरहून काम करायची मुभा मिळाली आहे आणि बायको-मुलाला घेऊन तो कायमचा परत यायचं म्हणतोय. त्याच्यासाठी वरच्या खोल्या हव्या आहेत. कनाडिया रोडला ताईंचा एक फ्लॅट आहे, तो अकरा महिन्यांच्या कराराने दिलेला आहे. दिरांच्या सांगण्यावरून त्यांनी सात महिने भाडं घेतलेलं नाही, म्हणजे थकबाकी दाखवता येईल. "दर पाच तारखेला काका पाकीट घेऊन खाली येतात. मी 'राहू द्या' म्हणते आणि ते परत वर जातात." दीर आता म्हणतात, वरचं पाणी बंद करा, नोटिशीत घर मोडकळीला आलंय असं लिहा, आणि काका-काकूंची भाची शिकायला येऊन राहिली आहे तिला पोटभाडेकरू दाखवा. एक बिल्डरही चौकशी करून गेला आहे. काका-काकूंशी ताई काहीच बोललेल्या नाहीत. पंचेचाळीस वर्षं राहिलेली माणसं घर सोडायची नाहीत आणि कायदा त्यांच्याच बाजूचा आहे, असं सगळे सांगतात. यजमान अंथरुणाला खिळले होते तेव्हा काकूंनी चार महिने दोन्ही वेळचा डबा खाली पाठवला होता. "मला रात्री झोप लागत नाही. काय करू?"

ताई,

तुमच्या पत्रातलं पाकिटाचं ते वाक्य मी तीनदा वाचलं. ८१ वर्षांचा माणूस ३७५ रुपये घेऊन जिना उतरतो आणि तेच पाकीट घेऊन जिना चढतो, असं सात महिने चाललंय, आणि का ते त्याला कुणी सांगितलेलं नाही. तुमची झोप तिथेच उडाली आहे असं मला वाटतं. आणि गंमत नाही, खरंच सांगते, कायद्याच्या दृष्टीनेही तुमची बाजू सगळ्यात जास्त तिथेच कमकुवत होते आहे.

आपल्याकडे जुन्या भाडेकरूंना 'मध्यप्रदेश स्थान नियंत्रण अधिनियम, १९६१' लागू होतो. घर कोणकोणत्या कारणांनी खाली करून घेता येतं ते त्याच्या कलम १२ मध्ये दिलं आहे. त्यातलं पहिलंच कारण थकलेलं भाडं हे आहे, आणि दीर त्याच्यावर भिस्त ठेवून आहेत. पण ते कारण कसं चालतं ते नीट पाहा. भाडं थकलं की आधी मागणीची नोटीस द्यावी लागते, आणि नोटीस मिळाल्यापासून दोन महिन्यांत भाडेकरूने पैसे दिले नाहीत तरच हे कारण उभं राहतं. काका तर दर महिन्याला पैसे घेऊन दारात येतात. नोटीस मिळाली की दुसऱ्या दिवशी ते २,६२५ रुपये पाठवतील. तरीही तुम्ही दावा लावलात तर कलम १३ आहे. समन्स मिळाल्यापासून एक महिन्यात सगळी बाकी कोर्टात भरायची आणि पुढे दर महिन्याचं भाडं पुढच्या महिन्याच्या १५ तारखेपर्यंत भरत राहायचं. एवढं केलं की थकबाकीवरून त्यांना काढता येत नाही. ज्याने खरोखर भाडं बुडवलं आहे त्यालासुद्धा कायदा ही संधी देतो. मग ज्याचं भाडं आपणच नाकारलं, त्याचं काय?

हे मला पुस्तकातून शिकावं लागलं नाही. माझं लहानपण जेल रोडच्या एका वाड्यात भाड्याच्या दोन खोल्यांत गेलं. बाबा दर महिन्याला एक लांबट वही घेऊन मालकांकडे जायचे, पैसे द्यायचे आणि वहीत सही घ्यायचे. एका महिन्यात मालकांनी सही केली नाही. पुढच्या महिन्यात पैसेही घेतले नाहीत. बाबा काही बोलले नाहीत. त्यांनी पोस्टात जाऊन मनिऑर्डर केली. ती परत आली, तिच्यावर पोस्टमनने निळ्या शाईत लिहिलं होतं, 'लेने से इंकार'. अशा मनिऑर्डरी येत राहिल्या आणि बाबा त्या बिस्किटांच्या पत्र्याच्या डब्यात ठेवत राहिले. पुढे दावा लागला तेव्हा तो डबाच वकिलांच्या टेबलावर गेला. थकबाकीचा मुद्दा त्या सुनावणीला संपला. पण आई त्या काळात वाड्याच्या चौकात कपडे वाळत घालायला जायची नाही, खोलीतच दोरी बांधायची, हे माझ्या डोळ्यांपुढून अजून जात नाही. काकूंचं आत्ता काय चाललं असेल, याचा अंदाज मला म्हणून येतो.

दिरांची बाकीची कारणंही एकेक करून पाहू. भाची काका-काकूंसोबत, त्यांच्याच चुलीवर जेवते. ती पोटभाडेकरू होत नाही. घराचा भाग तिच्या एकटीच्या ताब्यात देऊन काकांनी स्वतःचा हात काढून घेतला असता तर गोष्ट वेगळी होती. घर मोडकळीला आलंय असं लिहिलंत, तर कोर्टात पहिला प्रश्न येईल की अशा घरात तुम्ही नातवाला राहायला कशा आणणार? शिवाय दुरुस्तीसाठी घर खाली करून घेतलं, तर काम झाल्यावर भाडेकरूला परत तिथेच येण्याचा हक्क मागता येतो. म्हणजे खोट्याने सुरुवात करून तुम्ही त्यांना कायमचा पाय रोवून द्याल. एका दाव्यात चार कारणं घातली की दावा मजबूत होतो असा एक समज आहे. उलट होतं. तीन खोटी कारणं उघडी पडली की चौथं खरं असलं तरी न्यायाधीश त्याच्याकडे त्याच नजरेने बघायला लागतात.

पाण्याबद्दल मी थोडक्यातच सांगते, कारण तिथे विचार करण्यासारखं काही नाही. वरचा नळ बंद करायचा नाही. पाणी, वीज तोडणं याच कायद्याने मना केलं आहे, आणि त्याची तक्रार भाडे नियंत्रण अधिकाऱ्याकडे करता येते. कुणी कुलूप लावण्याची, सामान बाहेर काढण्याची भाषा केली तर त्यांनाही सांगा की रीतसर हुकमाशिवाय असं बाहेर काढलेल्या माणसाला १९६३ च्या विशिष्ट अनुतोष अधिनियमाच्या कलम ६ खाली सहा महिन्यांच्या आत दावा लावून ताबा परत मागता येतो. त्या दाव्यात मालकीचा प्रश्नही निघत नाही.

आता तुमच्या मनातल्या मोठ्या समजाकडे येते. कायदा त्यांच्याच बाजूचा आहे, हे खरं नाही. लहरीखातर किंवा जास्त भाड्याच्या आशेने घर खाली करून घेणाऱ्या मालकाच्या तो विरोधात आहे. पण ज्याला स्वतःच्या घराची स्वतःच्या माणसांसाठी खरी गरज आहे, त्याच्यासाठी कलम १२ मध्येच वाट ठेवली आहे. आपल्या कोर्टात दावे हिंदीत लिहितात, त्यात हिला 'सद्भाविक आवश्यकता' म्हणतात. मालकाला स्वतःला किंवा कुटुंबातल्या माणसाला राहायला ती जागा मनापासून हवी असावी, आणि त्याच शहरात स्वतःच्या ताब्यात दुसरी योग्य जागा नसावी, एवढं दाखवावं लागतं. मुंबईच्या जुन्या भाडे कायद्यात कुणाची अडचण जास्त, मालकाची की भाडेकरूची, हेही तोललं जायचं. बडोद्याच्या आपल्या नातेवाइकांकडून तसं ऐकलं असेल. आपल्या कायद्यात ते तोलणं नाही. पंचेचाळीस वर्षं राहिले म्हणून ते मालक होतील ही भीतीही काढून टाका. भाडं देणारा माणूस किती वर्षं राहिला तरी भाडेकरूच राहतो. बारा वर्षं ताबा ठेवला की जागा आपली होते, ही गोष्ट त्याला लागत नाही.

आणि तुमच्यासाठी आणखी एक दार आहे, ते तुम्हाला कुणी सांगितलेलं दिसत नाही. १९८३ साली या कायद्यात एक वेगळं प्रकरण घातलं गेलं. विधवा, घटस्फोटित स्त्रिया, निवृत्त सरकारी नोकर, निवृत्त सैनिक आणि अपंग यांच्यासारख्या घरमालकांना, गरजेच्या कारणासाठी दिवाणी कोर्टाऐवजी कलम २३-क खाली भाडे नियंत्रण अधिकाऱ्याकडे अर्ज करता येतो. हा महसुलातला, डेप्युटी कलेक्टरच्या दर्जाचा अधिकारी असतो. इथे भाडेकरूला पंधरा दिवसांत प्रतिज्ञापत्र देऊन विरोध करण्याची परवानगी मागावी लागते. गरज खरी आहे असं गृहीत धरून काम सुरू होतं, ती खोटी आहे हे भाडेकरूने दाखवायचं. हुकमावर अपील नाही, थेट हायकोर्टात पुनरीक्षण, म्हणजे हुकमाची फेरतपासणी. म्हणजे बरंच लवकर आटपतं. पण या दाराने थकबाकी, पोटभाडेकरू, मोडकळ यातलं काहीच आत नेता येत नाही. तिथे एकच विचारतात, तुम्हाला गरज आहे का?

तोच प्रश्न मी तुम्हाला विचारते, रागावू नका. मुलगा येणार हे ठरलंय की चाललंय? त्याच्या कंपनीचं पत्र आलंय का? सून तयार आहे का? नातवाच्या शाळेची चौकशी झाली का? हे मी कोर्टासाठी म्हणून विचारत नाही, जरी कोर्टातही हेच विचारतील. पुण्यात स्थिरावलेली तरुण माणसं 'आई, आम्ही येतो' असं फोनवर म्हणतात तेव्हा त्यांना ते मनापासून वाटत असतं. पण त्यांचं मन बदललं तर काका-काकूंचं घर गेलेलं असेल, आणि त्या रिकाम्या तीन खोल्यांखाली तुम्ही एकट्या असाल. तेव्हा मुलाकडून आधी पक्कं करून घ्या, तारखेसकट.

बिल्डरचा उल्लेख तुमच्या पत्रात एकाच ओळीत आहे. ती ओळ तुम्ही का लिहिलीत, याचा स्वतःशी विचार करा. घर खाली करून विकायचं असा विचार दिरांच्या मनात असेल, तर तो गरजेच्या नावाखाली चालवू देऊ नका. गरज सांगून घेतलेली जागा दोन वर्षांच्या आत, परवानगीशिवाय, दुसऱ्याला भाड्याने देता येत नाही. स्वतः राहायला गेला नाहीत किंवा खोट्या कारणाने ती दुसऱ्याच्या ताब्यात दिलीत, तर काढलेला भाडेकरू परत येऊन ताबा किंवा भरपाई मागू शकतो.

कनाडिया रोडचा फ्लॅट लपवायचा नाही. वकील म्हणाले 'तो लिहू नका', तरी लिहायला लावा. तो भाड्याने दिलेला आहे, तुमच्या ताब्यात नाही, आणि मुलाला तुमच्याजवळ, त्याच छपराखाली राहायचं आहे, हे सरळ सांगितलं तर ते समजण्यासारखं आहे. आपल्या राहण्याची गरज कशी भागवायची हे मालकालाच सगळ्यात चांगलं कळतं, असं सर्वोच्च न्यायालयाने १९९६ सालीच म्हटलेलं आहे. सांगितलेला फ्लॅट तुम्हाला अडचणीत आणत नाही. लपवलेला आणि उलटतपासणीत निघालेला फ्लॅट मात्र सगळं बुडवतो.

कागदांचंही बघा. घर कुणाच्या नावावर आहे? सासऱ्यांच्या, की यजमानांच्या? नगर निगमात (महापालिकेत) नामांतरण झालंय का? यजमानांच्या मागे तुमच्याबरोबर मुलं-मुलीही वारस आहेत. म्हणून लग्न झालेली मुलगी असेल तर तिची लेखी संमती आत्ताच घेऊन ठेवा. विधवा म्हणून कलम २३-क चा अर्ज करताना मालकीचा हाच मुद्दा समोरचा वकील पहिल्यांदा काढतो, तेव्हा तुमच्या वकिलांसमोर तुम्हीही तोच पहिला ठेवा. काकांच्या मुलाचं विजय नगरला घर असल्याचं दीर सांगत असतील, तर त्याचाही उपयोग नाही. भाडेकरूने स्वतः योग्य जागा बांधली किंवा मिळवली असेल तर ते कारण होतं. मुलाचं घर हे काकांचं घर नाही. म्हातारपणी ते कसं असतं, हे तुम्हाला-मला चांगलं माहीत आहे.

हे सगळं झालं कायद्याचं. आता ज्या गोष्टीपासून तुम्ही पळता आहात तिच्याकडे येऊ. 'ते सोडणार नाहीत' हे तुम्हाला कसं कळलं? तुम्ही विचारलेलंच नाही. पंचेचाळीस वर्षांत त्यांचंही काही ठरलं असेल. ७६ व्या वर्षी रोज जिना चढणं काकूंना जड जात असेल. किंवा नसेलही, आणि त्या ठाम नाही म्हणतील. पण तुमच्या तोंडून खरं कारण ऐकण्याचा त्यांचा हक्क आहे, आणि तो नोटिशीच्या आधीचा आहे. काका कुठे नोकरीला होते ते तुम्ही लिहिलेलं नाही. मिलमध्ये असतील तर त्यांच्या पिढीचं माहीतच आहे. हुकुमचंद मिल १९९१ साली बंद पडली आणि कामगारांच्या देण्यांसाठी २०२३ उजाडलं. त्या तीस वर्षांत कमी भाड्याची जुनी खोली हाच कितीतरी घरांचा आधार होता. ३७५ रुपये हे तुम्हाला लुबाडणं वाटतं, आणि आजच्या बाजारात ते वाटणं चूक नाही. त्यांच्यासाठी ते म्हातारपणाचं पेन्शन असू शकतं. या दोन्ही गोष्टी एकाच वेळी खऱ्या आहेत.

बोलायला जाताना हातात काहीतरी घेऊन जा. माझ्या मनात एक गोष्ट येते, पाहा पटते का. कनाडिया रोडच्या फ्लॅटचा करार कधी संपतो? तो तळमजल्यावर असेल किंवा लिफ्ट असेल, तर काका-काकूंनाच तो द्या. बाजारभावाच्या निम्म्याने द्या, पण नव्या करारावर आणि ठरावीक मुदतीसाठी. रामबाग सुटण्याचं दुःख त्यांना होईल. देऊळ, दवाखाना, ओळखीचा किराणावाला हे सगळं मागे राहील. ते नको असेल तर याच भागात तळमजल्याच्या दोन खोल्या शोधायला मुलाला सांगा, सामान हलवायचा खर्च आणि वर्षभराच्या भाड्यातला फरक तुम्ही उचला. कोर्टात जो खर्च आणि जी वर्षं जातील त्यापुढे हे जड नाही. निदान एक दिवाळी त्यांना त्याच घरात करू द्या. आठ-दहा महिन्यांची मुदत मागितली तर द्या.

जमलं तर ते शब्दावर सोडू नका. तुमच्या भल्यासाठीही नको आणि त्यांच्याही. तडजोड लिहून लोक अदालतीत नेली की तिथला निवाडा १९८७ च्या विधी सेवा कायद्याने दिवाणी कोर्टाच्या हुकमासारखाच पक्का असतो, त्यावर अपील नसतं. एक बारीक गोष्ट वकिलांच्या नजरेतून निसटते. भाडे कायद्यातली तडजोड नुसती 'आम्ही घर सोडतो' एवढ्यावर टिकायची नाही. मालकिणीची राहण्याची गरज खरी आहे हे आम्हाला मान्य आहे, असं वाक्य त्यात असलं पाहिजे. त्याच विधी सेवा कायद्याने स्त्रियांना, उत्पन्न कितीही असो, जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून वकील मोफत मिळतो. तुम्हाला मिळेल, तसाच काकूंनाही मिळेल. हे तुम्हीच काकूंना सांगितलंत तर त्यांचा तुमच्यावरचा विश्वास वाढेल, असं मी खात्रीने म्हणते.

नाहीच जमलं, तर अर्ज करा, आणि अपराधी वाटून घेऊ नका. स्वतःच्या घरात स्वतःच्या मुलाला जागा मागणं यात पाप नाही. फक्त ते एकच, खरं कारण लिहा.

हे वाचणाऱ्यांत वरच्या मजल्यावरचेही पुष्कळ आहेत, म्हणून त्यांच्यासाठी. नोटीस आली म्हणजे घर गेलं असं नाही, पण नोटीस गादीखाली ठेवून देऊ नका. मालक भाडं घेत नसेल तर मनिऑर्डर करा, बँकेतून पाठवा, भाडे नियंत्रण अधिकाऱ्याकडे जमा करा आणि प्रत्येक कागद जपून ठेवा. समन्स आलं की एक महिन्याची मुदत आणि नंतरची १५ तारीख कधी चुकवू नका. ती चुकली की तुमचा बचावच काढून टाकला जाऊ शकतो. शेजारी सांगतील की 'तू मालकच नाहीस असं म्हण', तसं कधी म्हणू नका. मालकी नाकारणं हेच घर जाण्याचं कारण ठरू शकतं. आणि मालकिणीच्या मुलाला खरंच घर हवं असेल, तर कोर्टात दहा वर्षं काढण्याऐवजी तिच्याशी बोलून चार गोष्टी मागून घ्या.

ताई, येत्या पाच तारखेला काका खाली येतील. या वेळी पाकीट घ्या. आठही महिन्यांचं घ्या. तुमचे हक्क राखून घेतलं असं पावतीवर लिहा, तारीख घाला, सही करा, आणि मागच्या सात महिन्यांच्या पावत्या त्यांच्यासमोर बसून लिहा. मग त्यांना म्हणा, काका, आज लगेच वर जाऊ नका, काकूंनाही खाली बोलवा, मी चहा टाकते.